ताईला ऐकू आलेला माझा आवाज

मी मेडिकल लॅबमध्ये काम करते. दिवसभर रक्ताच्या ट्यूब, मशीन, रिपोर्ट. जे मोजता येत नाही त्याच्याशी माझा कधी संबंध आला नाही. या कॉलममधले अनुभव मी लंच ब्रेकमध्ये मोबाइलवर वाचायचे आणि मनात म्हणायचे — ह्या लोकांना झोप कमी पडतेय, दुसरं काही नाही. तुम्हीही माझ्याबद्दल तेच म्हणा, हरकत नाही. मी तुमच्या जागी असते तर तेच म्हटलं असतं.

मी कॅनडात, व्हँकुव्हरजवळ कोक्विटलामला एका छोट्या फ्लॅटमध्ये एकटी राहते. माझी मोठी बहीण मिरजेत असते. ताई माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी, शाळेत शिकवायची, गेल्या वर्षी तिने स्वेच्छानिवृत्ती घेतली. आमची आई शेवटची बारा वर्षं तिच्याकडेच होती. सहा वर्षांपूर्वी आई गेली. शेवटचे अकरा दिवस हॉस्पिटलमध्ये होती. मी तेव्हा केंब्रिजला, कॅनडातल्याच ओंटारिओमध्ये, एका घराच्या बेसमेंटमध्ये राहत होते. पीआरचे, म्हणजे इथे कायम राहण्याच्या परवान्याचे, पेपर्स अडकलेत, आत्ता देश सोडला तर परत येऊ देणार नाहीत, असं मी ताईला फोनवर सांगितलं होतं. ताई म्हणाली होती, "नको येऊस मग. मी आहे इथे." त्यानंतर या विषयावर आम्ही दोघी कधीच बोललो नाही.

या उन्हाळ्यात ताई पहिल्यांदाच माझ्याकडे आली. ग्रोसरीच्या दुकानात नोटिस बोर्डवर तिला एक कागद दिसला — चार दिवसांचा गाइडेड कॅम्पिंग ट्रेक, डोंगरातल्या जंगलातून, वाटेत तीन देवळं. मला अजिबात उत्साह नव्हता. पण ताई रोज पाच-सहा किलोमीटर चालणारी बाई. म्हणाली, "मने, मॉल काय मिरजेत राहून टीव्हीवरही दिसतात. मला इथलं जंगल दाखव."

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात निघालो. आमच्या गावापासून गाडीने सात-आठ तास आत. आम्ही एकूण सात जण. गाइडचं नाव डेब, साठीची, पूर्वी नर्स होती. तिचा एकच नियम होता. सकाळचा नाश्ता झाला की त्या दिवशीच्या देवळापर्यंत मौन. कुणी कुणाशी बोलायचं नाही, आणि दोघांमध्ये पंधरा-वीस पावलांचं अंतर ठेवायचं. अस्वलांना चाहूल लागावी म्हणून डेब सगळ्यात पुढे एक पितळी घंटी वाजवत चालायची. बाकी नुसता बुटांचा आवाज. सीडरची एवढी जाड झाडं, आणि खाली सगळीकडे शेवाळ... त्यात आवाज मुरून जायचा.

पहिल्या दिवशी पताका लावलेलं एक बौद्ध मंदिर. दुसऱ्या दिवशी तळ्याकाठी एका आश्रमाचं देऊळ. दोन्ही दिवस छान गेले, खोटं कशाला बोलू. ताई खूश होती. तंबूत माझे पाय चेपून दिले तिने. म्हणाली, "लहानपणी आईकडून चेपून घ्यायचीस, आठवतं?" मी हो म्हटलं आणि कूस बदलली.

तिसरा दिवस. साडेआठला निघालो. ऊन पडलं होतं, हवा कोरडी, धुकं वगैरे काही नाही. ओळीत ताईच्या मागे हरभजन अंकल होते, आमच्या जवळच्याच सरे गावचे, सत्तरीचे रिटायर्ड ट्रक ड्रायव्हर. त्यांच्या मागे मी. म्हणजे ताई आणि माझ्यात किमान तीस-चाळीस पावलं, आणि मध्ये एक धिप्पाड सरदारजी. पावणेदहाच्या सुमारास ओढ्यावरचा लाकडी पूल ओलांडला. तिथून देऊळ तासाभराच्या चढावर. माझ्या टाचेला फोड आला होता. मी त्या फोडाचा आणि चहाचा विचार करत चालले होते. आईचा विचार मनात नव्हता, हे मी शपथेवर सांगू शकते.

पुलापलीकडे थोडं गेल्यावर ताईने एकदा वळून माझ्याकडे पाहिलं. मी हात हलवला. तिने हलवला नाही. मला वाटलं, नियम पाळतेय.

ते तिसरं देऊळ म्हणजे एका वयस्कर जोडप्याने स्वतःच्या जमिनीवर बांधलेली लाकडी खोली. आत काळी पिंड, वर थेंब-थेंब गळणारा तांब्या. डेबने मौन संपल्याची घंटी दिली, सगळे चहाच्या फ्लास्ककडे वळले. ताई पायरीवर बसली होती. मी शेजारी जाऊन बसले आणि आधी बूट काढले.

ताई समोर बघत म्हणाली, "आज कसं काय सुचलं तुला सांगायचं?"

"काय सांगायचं?"

"आता पुन्हा नाटक नको, मने. सहा वर्षं पुरे झालं."

"अगं, काय बोलतेयस तू? मी काही बोललेच नाही."

मग तिने सांगितलं. शांतपणे, वर्गात हजेरी घ्यावी तसं. तुझं पीआर कार्ड पोस्टाने आलेलं होतं. तिकीट काढलेलं होतं. बॅग भरून तू टोरोंटोच्या विमानतळावर गेलीस, पार्किंगच्या चौथ्या मजल्यावर गाडी लावलीस, आणि गाडीतून उतरली नाहीस. पासपोर्ट मांडीवर घेऊन बसलीस. थंडीने पाय बधिर झाले तरी गाडी चालू केली नाहीस. साडेतीन तासांनी एका माणसाने काचेवर टकटक केली, सगळं ठीक आहे ना विचारलं, तेव्हा घरी परत गेलीस. आणि घरी जाऊन मला फोन केलास, की पेपर्स अडकलेत.

माझ्या हातातला मोजा हातातच राहिला.

हे सगळं खरं आहे. शब्दन् शब्द. आणि हे मी जगात कुणालाही सांगितलेलं नव्हतं. मैत्रिणीला नाही, डायरीत नाही, देवाला नाही. चौथा मजला तर मी स्वतः विसरले होते... तिने म्हटल्यावर तो भिंतीवरचा मोठा आकडा डोळ्यांसमोर आला.

मी काय करायला हवं होतं? पाय धरायला हवे होते. त्याऐवजी मी म्हटलं, "माझे कागद उचकलेस का? माझा फोन बघितलास?"

ताईने माझ्याकडे असं पाहिलं, की तो चेहरा मी विसरणार नाही.

"तू सांगितलंस. पुलापासून इथपर्यंत, माझ्या कानाशी. मला वाटलं मौन मोडून पुढे आलीस. वळून बघितलं तर तू लांब मागे, तोंड मिटलेलं. आणि आवाज चालूच. एक इंग्लिश वाक्य नाही मध्ये. मी म्हटलं, किती वर्षांनी ही सरळ मराठी बोलतेय."

मी उठून अनवाणीच अंकलकडे गेले. विचारलं, मी वाटेत काही बोलत होते का? अंकल म्हणाले, "नहीं बेटा, आप तो बिलकुल चुप थीं. दीदी ही कुछ बोल रही थीं." मी विचारलं, काय? ते जरा ओशाळले. "बस हूँ... हूँ... जैसे किसी की बात सुन रही हों. मैंने सोचा पूजा-पाठ कर रही हैं."

आता तुम्ही म्हणाल, झोपेत बडबडली असशील. मीही तेच धरून बसले होते. तंबूत झोपेत बोलले असेन, ताईने अर्धवट झोपेत ऐकलं असेल, थकव्याने तिचं डोकं घोटाळलं असेल. अंकलच्या ऐकण्याचंही काहीतरी उत्तर शोधलं असतं मी. पण पुढचं वाचा.

दुपारी कॅम्पवर आम्हा दोघींची भांडी धुण्याची पाळी होती. ओढ्याचं पाणी इतकं गार की बोटं दुखत होती. मी रडत होते. म्हटलं, "ताई, मला माफ कर. निदान माझा व्हॉइस मेसेज तरी आईने ऐकला. तू म्हणाली होतीस ना, ऐकून हसली म्हणून."

शेवटच्या आठवड्यात मी आईसाठी चार मिनिटांचा मेसेज ताईच्या फोनवर पाठवला होता. तो ऐकून आई हसली आणि मग शांत झोपली, असं ताईने मला कळवलं होतं. गेली सहा वर्षं मी त्या हसण्यावर दिवस काढले आहेत.

ताई ताटली घासत होती. म्हणाली, "नाही ऐकवला."

"म्हणजे?"

"आईला ऐकवलाच नाही मी तो. मी तिचं गूमूत काढत होते, आणि ती माझ्याकडे न बघता मनू कधी येणार विचारत होती. अकरा दिवस. मी समोर उभी असताना. मला वाटलं, राहू दे. एवढं एक माझ्याकडे राहू दे. ती गेल्यावर डिलीट केला."

"आणि हसली म्हणालीस ते?"

"तुझे पेपर्स अडकले होते तसंच."

एवढं बोलून तिने ताटली पालथी घातली आणि दुसरी घेतली.

मला वाटलं, आता दोघींचं सगळं बाहेर आलं. यापुढे काही उरलं नाही. मी तिच्या खांद्यावर हात ठेवला. तिने तो काढला नाही, पण ती म्हणाली, "आणि गाडीतून का उतरली नाहीस तेही सांगितलंस. ते ऐकून मात्र मला वाईट वाटलं तुझं."

मला ते माहीत नाही. खरंच नाही. सहा वर्षांत किती वेळा तो दिवस आठवला असेल. मला आई प्रिय होती, बॅग भरलेली होती, कुणी अडवलं नव्हतं. मी का उतरले नाही याचं उत्तर मला कधीच सापडलेलं नाही. मग झोपेत तरी मी ते कसं सांगेन?

"का?" मी विचारलं. "काय म्हणाले मी?"

ताईने हात थांबवले. "तुला माहीत नाही?"

"नाही गं."

ती हसली. त्या दिवसातलं पहिलं हसू.

"बरं झालं," ती म्हणाली.

अजून एक दिवस चालायचं होतं. तंबू एकच, दोघींचा. परतीच्या वाटेवर मौनाचा नियम नव्हता, त्याची आता गरजही नव्हती. घरी आल्यावर ताईने तिकीट बदललं आणि आठ दिवस आधी निघाली. व्हँकुव्हर एअरपोर्टवर मी तिच्या ट्रॉलीला धरून उभी राहिले. लोक बघत होते. म्हटलं, "ताई, तेवढं सांगून जा. मी हात जोडते."

ताईने माझी बोटं एकेक करून ट्रॉलीवरून सोडवली. म्हणाली, "मनू का आली नाही, असं आईने मला अकरा दिवस विचारलं. माझ्याकडे खरं उत्तर नव्हतं. आता आहे, पण विचारणारी नाही. तू कशाला विचारतेस?"

ऑक्टोबरमध्ये मी सुट्टी काढून एकटीच तिथे पुन्हा गेले. डेबकडून रस्ता विचारून घेतला होता. पूल ते देऊळ, देऊळ ते पूल, तीन वेळा चालले. शेवटी तर थांबून मोठ्याने विचारलं, वेड्यासारखं, मराठीतच. काही नाही. शेवाळ आणि माझे बूट. त्या दिवशी कोण बोललं, माझ्या आवाजात का बोललं, आणि मला न सांगता ताईलाच का सांगितलं — कुणाकडे उत्तर असेल तर मला हवंय. माझ्याकडे नाही.

ताईशी दर रविवारी फोन होतो. हवा, गुडघे, भाजीचे भाव, सगळं बोलते ती. मी दर वेळी विचारते. गेल्या रविवारी मला रडू आवरेना. ताई तिकडे थांबली. माझं रडणं पूर्ण संपेपर्यंत थांबली, मध्ये एकदाही बोलली नाही.

मग म्हणाली, "झालं? ठेवते आता. दूधवाला आलाय."