एकवीस वर्षं शिकलेल्या कापूस वेचणाऱ्या बाया

मंडळी, दुपारपासून डोकं तापलंय, म्हणून लिहिते.

मैत्रिणीची मुलगी सारिका प्रबंध दाखवायला आली होती. विषय तीर्थपुरीकडच्या कापूस वेचणाऱ्या बायांचं शिक्षण. मी आयुष्यभर संख्याशास्त्र शिकवलं, म्हणून माझ्याकडे. बायांचं सरासरी शिक्षण निघालं होतं एकवीस वर्षं!

"अगं, एवढं तर तुझे गाइडसुद्धा शिकले नसतील."

"मावशी, सॉफ्टवेअरच्या नव्या व्हर्जननं काढलंय. एक बटन दाबलं की निष्कर्षबी तेच लिहून देतंय."

चूक लगेच सापडली. जिने उत्तर दिलं नाही तिच्यापुढे ९९ लिहायची सर्वेक्षणात पद्धत आहे. सॉफ्टवेअरने ते ९९ शाळेची वर्षं म्हणून सरासरीत धरले. आमच्या वेळच्या व्हर्जनमध्ये काळ्या पडद्यावर एकेक आज्ञा हाताने लिहावी लागे, त्यामुळे आकडे आधी वाचावेच लागत. पुढे मेनू आले. आता वाचणंच संपलं.

तिने गाइडना फोन लावला, मी चूक सांगितली. ते स्पीकरवर म्हणाले, "मॅडम, तुमचं व्हर्जन जुनं झालं. माझी सही झाली, आता बदल बिलकुल न्हाई."

"जाऊ द्या मावशी, उद्या जमा करायचाय," म्हणत सारिका उठून गेली.

शाळेत गेलो नाही हे सांगायची लाज वाटली, म्हणून त्या बाया गप्प राहिल्या असतील. आणि प्रबंध म्हणतो, या भागात मुलींसाठी नव्या शाळेची गरज नाही. उद्या कुणी हाच प्रबंध पुढे करून शाळा नाकारली, तर दोष सॉफ्टवेअरचा म्हणायचा का?