नाब्लसच्या रांगेतलं स्टूल

माझी पत्नी सुमन रविवारी सकाळी वारली.

त्यानंतर जे घडलं, असल्या गोष्टींवर माझा कधी विश्वास नव्हता, आजही नाही. मी स्ट्रक्चरल इंजिनिअर. भार कुठून कुठे जातो, एवढंच बघतो. तरी लिहितोय...

मस्कतला, वादी अदाईत, आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये खालिद राहतो. गणिताचा मास्तर, मूळचा पॅलेस्टाइनमधल्या नाब्लसचा. त्याची आई अजून तिथेच आहे. दर मंगळवारी पायाच्या जखमेचं ड्रेसिंग करायला जाताना तिला लष्कराच्या चेकपोस्टवर तास-दोन तास उभं राहावं लागतं. रांगेतून ती लेकाला व्हिडिओ कॉल करायची आणि सुमन मध्ये डोकावायची. ही मराठीत, ती अरबीत — अर्धा तास सहज. एकदा फोनमध्ये शिपाई दिसला, तर सुमन त्याच्यावरच ओरडली, "ए दादा, म्हातारीला बसायला दे की काहीतरी!"

मग माझ्याकडे वळून, "अहो, आपलं स्टूल पाठवा ना तिला."

"नाब्लसला? कुरिअरने?"

"तुम्हाला मेलं सगळ्यात अडचणच दिसते."

ते घडीचं स्टूल तिचं लाडकं. पासपोर्टच्या रांगेतही न्यायची. त्याच्या एका पायाला मी रुवीच्या बाजारातून काठीचं तपकिरी रबरी बूच आणून बसवलं होतं. बाकी तीन काळी.

सुमन गेल्याचं खालिदने आईला सांगितलं नाही. "इंडियाला गेलीय," म्हणाला. जखम चिघळली होती, पाय कापावा लागेल असं डॉक्टर म्हणत होते, आणि म्हातारी म्हणत होती — खलास, आता रांगेत उभी राहणार नाही.

पुढच्या मंगळवारी खालिदने आमचं दार बडवलं. फोनमध्ये म्हातारी रांगेत बसलेली. स्टूलवर. तीन बुचं काळी, एक तपकिरी.

"म्हणते, तुमची बायको देऊन गेली," खालिद अडखळत म्हणाला. "फार बोलते, म्हणते."

"काय बोलली?"

त्याने विचारलं. म्हातारी हसली.

"म्हणते, मला काय कळणार? पण शिपायाला कळलं असावं. त्याने मला पुढे घेतलं."

मी माळा बघितला, गाडीची डिकी बघितली. स्टूल नाही. खालिद शपथेवर सांगतो, त्याने पाठवलेलं नाही. आणि सुमन? तिला इथल्या इथे कुरुमलाही एकटीने टॅक्सीतून जायची भीती वाटायची!

खुलासा माझ्याकडे नाही. म्हातारीची जखम भरत आली आहे. दर मंगळवारी ती स्टूल घेऊन जाते. रबरी बुचं जोडीनेच विकत मिळतात. त्या जोडीतलं दुसरं तपकिरी बूच अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे.