गिरडची सुपारी

मधूच्या शोकसभेत मी मधूचा सगळ्यात गाजलेला किस्सा स्वतःचा म्हणून सांगितला.

तो माझाच होता, ही गोष्ट वेगळी. महिन्याभरापूर्वी मधू गेल्याची बातमी सेलूत माझ्या हार्डवेअरच्या दुकानात आली ती एका गिऱ्हाइकाकडून. "तुमचे टीव्हीवाले दोस्त गेले म्हणते," असं सांगून त्यानं पाव किलो खिळे मागितले. मी स्क्रू दिले...

टीव्हीवरच्या, झाकलेली वस्तू ओळखायच्या एका खेळात मधू वर्षानुवर्षं पॅनेलवर बसला. वस्तू एकही ओळखली नाही. भडक कोट घालायचा, मान तिरकी करून एक किस्सा सोडायचा, लोकांनी टाळ्या पिटायच्या आणि याला म्हणायचं हजरजबाबी. शाळेत पाढा विचारला तरी ज्याला घाम फुटायचा, तो. त्याचा सगळा हजरजबाबीपणा दर गुरुवारी माझ्या फोनवरून जायचा. "काय करून ठेवलं रे या हप्त्यात?" एवढंच तो विचारायचा आणि मी, जे जे बिघडवलं असेल ते हौसेनं सांगायचो. चार दिवसांनी ते टीव्हीवर, त्याच्या नावानं. माणसाला स्वतःचा मूर्खपणासुद्धा करता येऊ नये, तोही सेलूहून मागवावा लागावा, याहून दरिद्री कारकीर्द मी पाहिलेली नाही.

गिरडच्या टेकडीवर सुपारीसारखे दिसणारे खडे सापडतात. मी मूठभर आणले आणि पानाच्या तबकात ठेवून विसरलो. दुसऱ्या दिवशी मुलीच्या सोयरिकीची बैठक. होणाऱ्या व्याह्यांनी त्यातला एक तोंडात टाकला. सोयरीक टिकली, दाढ गेली. मधूनं हे "माझे व्याही" म्हणून सांगितलं. त्याला मूलबाळ नव्हतं, तरी लोक हसले. माझे खरे व्याही तर टीव्हीसमोर लोळून हसले. मला मात्र त्यांनी अजून माफ केलेलं नाही.

म्हणून सिंदी मेघे इथल्या सभेत, त्याच्या हार घातलेल्या फोटोसमोर, माझं मी परत घ्यावं म्हणून उभा राहिलो. खडे, तबक, दाढ... सगळं खरं, जसं घडलं तसं सांगितलं. कुणी हसलं नाही. शोकसभा आहे, लोक संकोचले असतील, असं मी मनाला समजावलं. माझ्यानंतर एकानं तीच गोष्ट मधूच्या ढंगात सांगितली आणि सभा डोळे पुसेपर्यंत हसली.

नंतर मधूच्या बायकोनं, शीलावहिनींनी, घरी चहाला नेलं. बैठकीतल्या तबकात सुपारीशेजारी एक खडा होता, मधूनं माझ्याकडून मागून नेलेला. गुरुवार होता. सांगण्यासारखं मी सभेत एवढं करून आलो होतो आणि फोन काही येणार नव्हता... मी खडा हातात घेऊन म्हटलं, "वहिनी, हे सारं माझं होतं. तुमाले त माहीत आहे न?"

"माहीत आहे, भाऊजी," वहिनी कप ठेवत म्हणाल्या. "फोन स्पीकरवरच राहे. पण ते सांगत त हसू ये. तुम्ही सांगता त नुसती दाढ दुखते."