तिसऱ्या विश्रांतीचं इतिवृत्त

तुमच्या मंडळाचा, संघटनेचा, युनियनचा इतिहास आज कुणाच्या कपाटात आहे, सांगू शकाल? अध्यक्षांचे फोटो सोडा, ते सापडतात. त्या दिवशी कोण आलं होतं, कोण काय बोललं, पाणी कुणी आणलं, हे कुठे लिहिलंय? लंडनमधल्या क्रॉयडनच्या ट्रामलाइनजवळच्या एका पार्कात ऑस्ट्रेलियन फुटबॉल खेळणारा छोटासा क्लब आहे, त्यांना याचं उत्तर लगेच देता येतं. त्यांचा सगळा इतिहास माझ्या मावसबहिणीच्या सासऱ्यांच्या कपाटात आहे, आणि तो मराठीत आहे. क्लबातल्या एकालाही तो वाचता येत नाही. ऑस्ट्रेलियाबाहेर या खेळाला इतका काटेकोर इतिहासकार मिळाला नसेल, आणि ज्यांचा इतिहास त्यांनाच इतका निरुपयोगी ठरलेलाही.

हे सासरे, म्हणजे आमचे काका, नागपूरच्या एका सरकारी कचेरीत लघुलेखक होते. निवृत्त होऊन मुलाकडे आले, पण हात काही निवृत्त झाला नाही. समोर दोनपेक्षा जास्त माणसं बोलायला लागली की खिशातून वही बाहेर येते. डॉक्टरकडे गेले की आधी मागच्या भेटीत काय ठरलं ते वाचून दाखवतात. जयंतीच्या कार्यक्रमात वक्ता तेच तेच बोलायला लागला की लिहिणं थांबवून पेनाला टोपण लावतात, आणि त्या टोपणाच्या आवाजाला भलेभले वक्ते टरकून असतात. एकदा माझी बहीण आणि तिचा नवरा यांचं डिशवॉशरवरून कडाक्याचं भांडण झालं. काकांनी शेवटी दोन्ही बाजू जशाच्या तशा वाचून दाखवल्या. स्वतःची वाक्यं ऐकून दोघांना इतकी लाज वाटली की भांडण तिथेच तहकूब झालं.

तर असे काका एका शनिवारी काकूंना घेऊन ट्राम पकडायला पार्कातून चालले होते. क्रिकेटच्या मैदानावर दोन्ही टोकांना चार-चार खांब रोवलेले, बिनबाह्यांच्या जर्सीतली, चिखलानं माखलेली माणसं माना खाली घालून गोल उभी, आणि मधे एक दांडगा गृहस्थ हात नाचवत ओरडतोय. काकांना वाटलं, कारखान्याच्या गेटवरची सभा चालू आहे. ते सरळ मैदानात शिरले, घोळक्यात उभे राहिले आणि लिहायला लागले. कुणी हटकलं नाही, कारण त्या खेळातली रीतच तशी. खेळाचे चार भाग असतात, आणि छोट्या क्लबांच्या सामन्यात मधल्या विश्रांतीत बघ्यांनी मैदानात जाऊन कोचचं बोलणं ऐकायला हरकत नसते. काकूंनी थर्मास उघडून शेजारच्या खेळाडूला चहा दिला. ट्राम गेली.

पुढच्या शनिवारी काका परत हजर, काकू थर्माससकट. पहिल्या विश्रांतीत कोच तोंड उघडणार एवढ्यात त्यांनी हात वर केला आणि इंग्रजीत सांगितलं, की आधी मागच्या सभेचं इतिवृत्त वाचून कायम केलं पाहिजे. कोच मेलबर्नचा, पेशानं घरांची छपरं दुरुस्त करणारा. त्यानं क्षणभर पाहिलं आणि म्हणाला, "गो ऑन देन, मेट." काकांनी मराठी नोंदीचं तिथल्या तिथे इंग्रजी करून वाचलं: बचावफळीच्या निष्काळजीपणाबद्दल प्रशिक्षक महोदयांनी तीव्र नाराजी व्यक्त केली, श्री. उंच खेळाडू यांनी चेंडू हातात असताना विचार करू नये असे सर्वानुमते ठरले. खेळाडू हसून हसून वाकले, सामना जिंकले, आणि तेव्हापासून इतिवृत्त कायम झाल्याशिवाय त्या मैदानावर कोच बोलत नाही. पुढे दोन कोच बदलले. नव्या कोचला क्लबातली माणसं आधी हीच गोष्ट समजावतात.

मी नागपूरचीच. आमच्या घरात पाठ्यपुस्तकांआधी चळवळीची पत्रकं आली, त्यामुळे मला गप्प बसून कौतुक करणं जमत नाही. मी काकांना म्हटलं, "ज्यांनी ऑस्ट्रेलियातल्या मूळ रहिवाशांच्या जमिनी घेतल्या, त्यांच्या खेळाचे गोडवे तुम्ही कशाला लिहिताय?"

"काऊन चिडतेस बेटा? मी विचारलं त्यांना." त्यांनी पाचवी वही काढून एक पान वाचून दाखवलं. 'खेळाच्या उगमाबाबत प्रश्न उपस्थित करण्यात आला. तो मूळ रहिवाशांच्या चेंडूच्या खेळातून आला असे काही सदस्यांचे मत. काहींना ते अमान्य. चर्चा लांबल्याने सामना उशिरा सुरू झाला.'

"आणि या 'तीव्र नाराजी'चं काय? तो माणूस चक्क शिव्या देत होता. हे खोटं लिहिणं नाही का?"

"शिव्या आवाजात असतात. आशय नाराजीचाच होता." मग चष्मा पुसत म्हणाले, "तू एक बघ. मधल्या खांबांतून चेंडू गेला तर सहा गुण, बाजूच्या फटीतून गेला तर एक. थोडक्यात चुकलेल्याचीही नोंद होते. असा खेळ मी तरी दुसरा पाहिला नाही."

या वसंतात मैदान सांभाळणाऱ्या ट्रस्टचं पत्र आलं. जागेला मागणी वाढली होती. क्लबनं इतकी वर्षं, एकही हंगाम न चुकवता, हे मैदान वापरल्याचा लेखी पुरावा द्यावा, नाहीतर शनिवार दुसऱ्यांना देऊ. क्लबाकडे पुरावा म्हणजे फोनमधले ग्रुप, आणि फोन तर सगळ्यांनी बदललेले. कोच घरी आला, सोफ्याच्या कडेवर बसला आणि म्हणाला, "काका, तुझ्याकडे काय आहे?" काकांनी कपाट उघडलं. अकरा वह्या होत्या.

दोन रविवार आम्ही जेवणाच्या टेबलावर बसलो. काका लघुलिपी वाचायचे, मी इंग्रजीत टाइप करायची. प्रत्येक सामन्याचे उपस्थित: खेळाडू, दोन्ही टोकांना गुणांचे पांढरे झेंडे हलवणारे, संत्री कापणारी बाई, एक कुत्रा. एकदाच खेळून गेलेल्यांचीही पूर्ण नावं. मला पत्रकांतून शिकवलेलं सगळं तिथे होतं, फक्त घोषणा नव्हत्या. आठव्या वहीनंतर मात्र एक अख्खा हंगाम नव्हता.

"त्या वर्षी मी गेलो नाही," काका म्हणाले.

"पण सामने झाले ना?"

"झाले."

"मग लिहा आता. सगळ्यांना आठवतंय. कोचला विचारून लिहू."

"मी हजर नव्हतो."

मी वाद घातला. सत्य आपल्या बाजूचं आहे, हक्क आपला आहे, एका वहीपायी मैदान घालवायचं का, असं बरंच काही बोलले. काकांनी ऐकून घेतलं आणि पेनाला टोपण लावलं. जिनं लहानपणी खोट्या नोंदींविरुद्धची पत्रकं वाटली, ती काकांसारख्या माणसाला खोटी नोंद करायला सांगत होती.

तिसऱ्या रविवारी त्यांनी स्वतःच एक तपकिरी वही आणून टेबलावर ठेवली. ही कपाटातली नव्हती. काकूंचा चष्मा आणि औषधांच्या चिठ्ठ्या ज्या ड्रॉवरमध्ये आहेत, तिथली. त्या हंगामात काकू हॉस्पिटलमध्ये होत्या. "ही क्लबाची नाही, माझी आहे," काका म्हणाले. "मी वाचतो तेवढंच टाइप कर." आणि वाचायला लागले: 'शनिवार. मैदानावर गैरहजर. कारण, पत्नी आजारी. सायंकाळी प्रशिक्षक वॉर्डात आले. बुटांना चिखल होता म्हणून नर्सने दाराशी काढायला लावले. सामन्याचा निकाल सांगितला. तिसऱ्या विश्रांतीत केलेले भाषण रुग्णाच्या पायाशी उभे राहून हळू आवाजात पुन्हा केले. रुग्णाने विचारले, चहा कोण देते. कोणी देत नाही, असे कळले. रुग्णाने नाराजी व्यक्त केली.'

असा प्रत्येक शनिवार होता. शेवटच्या काही पानांवर काका थांबायचे, पान उलटायचे, आणि फक्त तारीख आणि निकाल सांगायचे. मी तेवढंच टाइप केलं. वही ट्रस्टला दाखवायची का, हे मी विचारलं नाही. त्यांनीच ती अकरा वह्यांमध्ये, नवव्या जागी सरकवली.

ट्रस्टनं सगळं ठेवून घेतलंय. वापर खरंच होतो का हे पाहायला येत्या शनिवारी त्यांचा माणूस येणार आहे. काकांचा हात आता थरथरतो, मागच्या सामन्याची निम्मी पानं मी लिहिली. लिहिताना पाहिलं, की 'अनुपस्थित' या सदराखालचं पहिलं नाव, काकूंचं, ते अजून स्वतःच लिहितात. त्या हंगामानंतरच्या प्रत्येक पानावर ते आहे. मी कारण विचारलं तर म्हणाले, "राजीनामा आलेला नाही."

म्हणून एक विनंती आहे. येत्या शनिवारी ट्रामनं या. खेळ कळला नाही तरी चालेल. तिसऱ्या विश्रांतीत शिट्टी झाली की दोरीबाहेर थांबू नका, सरळ मैदानात चालत जा, घोळक्यात उभे राहा आणि काकांना तुमचं पूर्ण नाव सांगा. जमलं तर चहाचा थर्मास आणा. ते काम सध्या कुणाकडेच नाही.