भिंतीवरची भूमिका

लातूरचे माझे काका भांड्यांचं दुकान चालवायचे, पण कुणी विचारलं तर आपण नट आहोत असं सांगायचे. दुकान पोटासाठी आहे, असं त्यांचं म्हणणं. नाटकानं त्यांच्या पोटात चहापलीकडे काही घातलं नसावं, त्यामुळे ते खरंच होतं. हौशी नाटकांत ते हवालदार झाले, वैद्य झाले आणि मुलीचा बाप तर इतक्या वेळा झाले की आमच्या नांदेडला स्पर्धेत काम करायला आले की ओळखीचे लोक त्यांना व्याही म्हणायचे. नायक एकदाही नाही. त्याचं त्यांना काही वाटायचं नाही. वाईट एकाच गोष्टीचं वाटायचं. काकूनं त्यांचं काम कधी पाहिलं नव्हतं.

काकूला नाटकाचा राग नव्हता, पण योगच येत नव्हता. प्रयोगाच्या दिवशी हमखास घरात कुणीतरी आजारी पडायचं. औशाच्या किल्ल्यात एका सिनेमाचं शूटिंग झालं, तेव्हा काकांना पहारेकऱ्याचं काम मिळालं. सिनेमा लागल्यावर आम्ही सगळं खानदान टॉकीजला गेलो. काका पडद्यावर आले आणि गेले, तेव्हा काकू खुर्चीखाली चप्पल शोधत होती. घरी येईपर्यंत काका सगळ्यांच्या दहा पावलं पुढं चालत राहिले.

मग उतारवयात त्यांना मालिका मिळाली. काम काय, तर नायिकेच्या वारलेल्या वडिलांचा फोटो. हार घालून भिंतीवर टांगलेला. नायिका रोज त्याच्यापुढे उभी राहून रडणार. काका हरखून गेले, कारण इतके दिवस चालणारं काम त्यांना आयुष्यात मिळालं नव्हतं. काकूनं मात्र ऐकलं आणि पुढचं ताट बाजूला सारलं. जित्या माणसाला हार घालायचा म्हणजे काय, यावरून घरात चांगलीच धुसफूस झाली. पण काका ऐकतात कसले.

मालिका सुरू झाली. दुकानात पातेलं घ्यायला आलेली एक बाई काकांना पाहून दचकली आणि तुम्ही तर वारलात की, म्हणाली. काकांना एवढा आनंद झाला की त्यांनी तिला पातेल्यावर झाकणी फुकट दिली. मला त्यांचं कौतुकही वाटलं आणि काकूची काळजीही.

पुढं मी लातूरला गेले तेव्हा काकूनं तोडगा काढलेला होता. मालिकेची वेळ झाली की ती अपशकुन नको म्हणून काकांच्या कपाळाला महादेवाचं भस्म लावायची, टीव्हीशेजारी खुर्ची मांडायची आणि त्यांना आपल्याकडे तोंड करून बसवायची. फोटो दिसला की एकदा फोटोकडे बघायची, एकदा खुर्चीतल्या काकांकडे. माणूस जागेवर आहे ना, मग तिची हरकत नव्हती. त्यामुळे झालं असं, की काकांना स्वतःची सगळ्यात मोठी भूमिका कधी दिसलीच नाही. ते आपले काकूचं तोंड बघत बसायचे. मला हसू आवरेना, आणि खरं सांगायचं तर त्या दोघांवर फार जीव जडला.

एके दिवशी जाहिराती लागल्यावर काकू त्यांना म्हणाली, "चांगलं केलाव. जरा बी हललाव न्हाई."

ही दाद काकांनी पुढं भेटेल त्याला सांगितली. आधी मिळालेल्या सर्टिफिकिटांचं नावही त्यानंतर त्यांनी काढलं नाही.

गेल्या वर्षी काका गेले. चुलतभावानं मालिकेतलाच फोटो मोठा करून आणला, बिनहाराचा. त्यात ते फार देखणे दिसतात. हा फोटो काकूला चालेल का, म्हणून आम्ही सगळे धास्तावलो होतो, पण खिळ्याची जागा तिनंच दाखवली. भावानं फोटो भिंतीवर लावला आणि हार घालायला हात वर केला, तेव्हा मात्र तिनं त्याचा हात धरला.

"हाराचं काम ह्येंनी जित्तेपणीच केलंय. आता नगं."

हार तिनं देवघरातल्या महादेवाला वाहिला. मग पदरानं काच पुसली, कपाळाच्या जागी भस्म लावलं आणि खुर्ची ओढून फोटोसमोर बसली.