प्रयोगाआधी डांके म्हणायचं नाही

इमारतीची देखभाल करणारे हाउसमाइस्टर जिना पुसत होते. माझ्या हातातला डबा बघून त्यांनी मॉप भिंतीला टेकवला आणि म्हणाले, "फ्राऊ एगर्स सकाळी गेल्या. दवाखान्यातून फोन होता." डब्यात त्यांच्याचसाठी मऊ भात होता. मी जर्मनमध्ये "या, या", म्हणजे हो हो, म्हणत राहिले आणि तरीही बसस्टॉपवर जाऊन उभी राहिले... बस आली, गेली. मग परत आले.

याला आता महिना होऊन गेला. फुटबॉलचा वर्ल्डकप जर्मनीत भरला त्या उन्हाळ्यात आम्ही ब्राउनश्वाइगला आलो. हे इंजिनीअर, मी नववीतून शाळा सोडलेली. इथल्या आपल्या बायकांत बसले की कुणी शिक्षण विचारील म्हणून मी आधीच चहा टाकायला उठायची. वरच्या मजल्यावरच्या नटी फ्राऊ एगर्सनी ते कधी विचारलंच नाही. त्यांनी सरळ नाटकाचे कागद माझ्या हातात दिले. "मी बोलते, तू ओळीवर बोट ठेव. अडले की पुढचा शब्द वाच." मला अर्थ कळत नाही, म्हटलं. "उत्तम. म्हणजे मध्येच रडणार नाहीस." माझं जर्मन असं राण्यांच्या आणि विधवांच्या तोंडून आलेलं. बेकरीत पाव मागितला की बाई दचकायची.

तरुणपणी त्या इथल्याच नाट्यगृहात मोलकरणींची कामं करायच्या, पुढे राण्यांची. मग टीव्हीवरची एक मालिका मिळाली, तिच्यात वर्षानुवर्षं त्या खेड्यातल्या डॉक्टरीणबाई. ट्राममध्ये लोक त्यांना गुडघेदुखी सांगायचे, आणि त्या शांतपणे ऐकून "पाय गरम ठेवा" म्हणायच्या. सिनेमे थोडेच. "सिनेमात मी बहुतेक खिडकीतून बाहेर बघते," असं त्यांचं म्हणणं. म्हातारपणी पुन्हा नाटक. त्या नाटकाला त्यांनी मला पहिल्या रांगेत बसवलं. त्या रंगमंचावर मेल्या आणि मी हुंदके देऊन रडले. नंतर त्या उठून प्रेक्षकांपुढे वाकल्या तेव्हा मला चक्क राग आला. त्यांचं खरं कुठलं धरायचं, ते तेव्हापासून मला नीट कळलेलं नाही.

माझी भाषेची परीक्षा होती. नापास झाले तर व्हिसाचं काय, ही भीती. निघताना त्यांनी दारात माझ्या डाव्या खांद्यावरून तीनदा थुंकल्यासारखं केलं, "टॉय टॉय टॉय." नाटकवाल्यांची ही शुभेच्छा, आपल्याकडे दृष्ट काढताना करतात तसंच. मी सवयीनं "डांके" म्हटलं, आणि त्या पांढऱ्याफटक पडल्या. "प्रयोगाआधी आभार मानायचे नाहीत. आत ये परत." मला आत घेतलं, दार लावलं, उघडलं, पुन्हा टॉय टॉय टॉय. मी ओठ मिटून जिना उतरले. पास झाले. धावत वर जाऊन विचारलं, आता म्हणू?

"आता म्हण. पडदा पडला."

हे म्हणाले, "छान. अभ्यास तुझा, नाव थुंकीचं."

जाण्याआधी फ्राऊ एगर्सचं ऑपरेशन होतं; त्याच्या आदल्या दिवशी मी दवाखान्यात गेले. निघताना पलंगाशी वाकून त्यांच्या डाव्या खांद्यावरून टॉय टॉय टॉय केलं. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "डांके."

मी थांबले. वाटलं, आता हसतील, म्हणतील, फसलीस की... त्यांनी डोळे मिटून घेतले. औषधांमुळे विसरल्या? जन्मभर पाळलेलं असं विसरतं माणूस? की पडदा पडलाय हे त्यांना कळलं होतं? की खरंच मला, म्हणजे मलाच, आभार सांगायचे होते आणि त्यापुढे नियम गेला? ह्यांना विचारलं. "अगं, आजारी माणूस डांके म्हणतंच." असेलही.

परवा वरच्या घरात नव्यानं आलेली विद्यार्थिनी परीक्षेला निघाली होती. मी जिन्यात टॉय टॉय टॉय केलं. "डांके," म्हणून ती उतरायला लागली. "परत वर ये," मी म्हटलं, इतक्या जोरात की ती घाबरलीच. तिला आत पाठवलं, दार लावायला लावलं, उघडायला लावलं, पुन्हा म्हटलं. ती ओठ मिटून, हसू दाबत गेली.

मी त्या दारापाशी उभी राहिले. दवाखान्यातल्या खोलीलाही दार होतं. मी बाहेर जाऊन पुन्हा आत यायला हवं होतं का... की ते डांके त्यांना तसंच राहू द्यायचं होतं?