त्यांना एकांत आवडत नव्हता

"सावकाश. आता यांना कुठली बस पकडायची आहे?" असं म्हणत ते शर्टाच्या बाह्या कोपरापर्यंत दुमडायचे, तळहात एकमेकांवर चोळून गरम करायचे आणि मगच मृताला हात लावायचे. माणसाला गार हात लावू नये, असं त्यांचं म्हणणं. "अहो, पण त्यांना काय कळणार?" असं मी एकदा म्हणालो, तर म्हणाले, "मला कळतं ना."

गेल्या महिन्यात ते गेले. इथल्या आमच्या मराठी मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कुणीतरी लिहिलं, 'त्यांना एकांत प्रिय होता.' त्याखाली जोडलेल्या हातांच्या चित्रांची रांग लागली. त्यात एक चित्र माझंही होतं. ते पाठवलं आणि मला स्वस्थ बसवेना. कारण ते वाक्य खोटं आहे. मी मंडळाचा बरीच वर्षं अध्यक्ष होतो. ते खोटं कसं तयार झालं, हे माझ्याइतकं कुणाला माहीत नसेल.

इंग्लंडात लीड्सला आम्ही साधारण एकाच सुमारास आलो. ते कौन्सिलमध्ये, म्हणजे इथल्या नगरपालिकेत नोकरीला, लग्न केलेलं नाही. मंडळाच्या सहलीला बसमध्ये सगळ्यात मागच्या सीटवर बसून नाट्यगीतं म्हणायचे, तीही बेसूर. "सूर लावू का?" असं विचारायचे आणि लोक "नको!" म्हणून ओरडले की सुरू करायचे. पंगतीत वाढायला सगळ्यांच्या आधी आणि गप्पांतून उठायला सगळ्यांच्या शेवटी. हॉलच्या केअरटेकरने दिवे घालवायला सुरुवात केली की हे अंधारात गोष्ट पुरी करायचे. असा माणूस तुम्हीही कुठल्यातरी मंडळात पाहिला असेल.

माझे वडील आमच्याकडे राहायला आले होते. इथल्या थंडीत ते गेले. इकडे अंत्यसंस्कार लगेच होत नाहीत, आठवडा-दोन आठवडे जातात. तोवर मृतदेह फ्युनरल डिरेक्टरकडे, म्हणजे अंत्यविधीची व्यवस्था बघणाऱ्यांकडे ठेवायचा आणि आदल्या दिवशी घरच्यांनी जाऊन कपडे घालायचे, किंवा तिथल्या माणसांवर सोपवायचं. गावी हे सगळं शेजारपाजार करतो, आपल्याला कळतही नाही. इथे मी धोतराची पिशवी घेऊन त्या खोलीच्या दाराशी उभा होतो आणि माझा पाय आत पडत नव्हता.

तेवढ्यात ते आले. मी बोलावलं नव्हतं. माझ्या हातातली पिशवी घेतली आणि आत गेले. दार अर्धवट उघडं होतं. मला त्यांचा आवाज येत होता, "नाना, हात जरा इकडे घ्या. हां. निऱ्या कशा हव्यात, बारीक की मोठ्या? बारीक. मला वाटलंच." तिथली यॉर्कशरची बाई बाहेर येऊन मला म्हणाली, "ते फार छान गप्पा मारताहेत त्यांच्याशी, लव्ह." इकडे अनोळखी माणसालाही लव्ह म्हणतात.

त्या दिवसापासून ते काम त्यांच्याकडेच गेलं. कुणी ठरवलं नाही. कुणी गेलं की लोक मला फोन करायचे आणि मी त्यांना. आमच्यातले डॉक्टर, इंजिनिअर सगळे बाहेर कोट घालून उभे राहायचे आणि ते आत. "तुम्हाला भीती नाही वाटत?" असं मी विचारलं होतं. म्हणाले, "मला माणसं आवडतात हो. गेली म्हणून एकदम नावडती कशी होतील?"

इथवर सगळं चांगलं होतं. पुढचं हळूहळू झालं.

मंडळातल्या एकांची बायपास झाली. हे त्यांना भेटायला हॉस्पिटलात गेले, डब्यात मऊ भात घेऊन. पलंगाशी बसलेल्या वहिनींनी त्यांना दारात पाहिलं आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं, "अहो, तुम्ही कशाला आलात इतक्यात!" वॉर्डात सगळे हसले. हेही हसले. डबा ठेवून, न बसता परत आले. मला म्हणाले, "मी फोन केला तरी लोक घाबरतात हो. हॅलो नाही, काही नाही, एकदम 'कोण गेलं?' म्हणतात."

ही गोष्ट मी पुढे कित्येक जेवणांत सांगितली. लोक पोट धरून हसायचे. पण हसून झालं की कुणीतरी म्हणायचंच, "खरं सांगू? मलाही तो दारात दिसला की धस्स होतं." मग कुणाच्या डोहाळजेवणाला त्यांना सांगायचं राहिलं, कुणाच्या बारशाला. मंडळाच्या हळदीकुंकवाला हॉलच्या खुर्च्या लावायला ते यायचे, तर एका बाईंनी माझ्याकडे येऊन सुचवलं, "आज दुसऱ्या कुणाला सांगता येईल का?" मी दुसऱ्या कुणाला सांगितलं. वाईट कुणीच नव्हतं. प्रत्येक जण आपल्या घरापुरतं बघत होता.

मग माझ्या मुलीचं लग्न ठरलं. मुलाकडची मंडळी पुण्याहून येणार होती. बायको म्हणाली, "तुमच्या त्या मित्राला नंतर घरी जेवायला बोलावू. त्या दिवशी नको. उगाच मनात काही राहायला नको." मुलगी इथेच वाढलेली. ती चिडली. "बाबा, आजोबाला कपडा त्यांनी घातला ना? मग त्यांना का नाही बोलवायचा? वेडिंग माझी आहे."

"तुला नाही कळायचं ते," मी म्हणालो.

मी त्यांना फोन केला. म्हटलं, "काय करणार हो, हॉल फार लहान मिळालाय. फायर रेग्युलेशन वगैरे..." बोलता बोलता माझ्या लक्षात आलं, की हॉल कौन्सिलचा होता आणि कौन्सिलच्या हॉलचं बुकिंग तेच बघायचे. त्या हॉलमध्ये किती माणसं मावतात, हे अख्ख्या शहरात त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक नव्हतं.

पलीकडून ते म्हणाले, "हो, हो. लहानच आहे तो. मुलीला आशीर्वाद सांगा."

घरी जेवायला बोलवायचं राहून गेलं. त्यानंतर ते मंडळात यायचे बंद झाले. मात्र कुणी गेलं की यायचे, काम करायचे आणि चहा न घेता जायचे. आम्ही म्हणू लागलो, माणूस जरा एकलकोंडाच आहे, नाही? दहा जणांनी म्हटलं की ते खरंच वाटायला लागतं. मलाही वाटू लागलं होतं.

ते गेल्यावर कपडे कोण घालणार, असं मी ग्रुपवर विचारलं. जोडलेले हात थांबले. शेवटी मुलगी कामावरून सुट्टी घेऊन आली आणि आम्ही दोघं गेलो. माझी बोटं आता वळत नाहीत. सदऱ्याची बटणं तिने लावली. मला त्यांच्याशी काहीतरी बोलायचं होतं. सुचलं नाही.

दुसऱ्या दिवशी क्रिमेटोरियमला मंडळाची बरीच माणसं आली. ज्यांच्या घरच्या गेलेल्यांना त्यांनी कपडे घातले होते, ती सगळी आली असावीत. पुढचे बाक कुटुंबासाठी असतात. आमच्यापैकी कुणालाच तिथे बसायचा धीर होईना. सगळे मागच्या भिंतीला लागून उभे राहिले.

तेवढ्यात दार उघडलं आणि माणसांचा एक घोळका आत आला. गोऱ्या म्हाताऱ्या, एक पाकिस्तानी टॅक्सीवाला आणि त्याची बायको, एक पोलिश जोडपं, कडेवर मुलं. ते सरळ पुढे जाऊन बसले. हे जिथे राहायचे ती अख्खी गल्ली आली होती. सगळ्या घरांच्या जादा चाव्या त्यांच्याकडे असायच्या, म्हणे. बाळंतपणाला कुणाला हॉस्पिटलात न्यायचं असलं की आधी त्यांचं दार वाजायचं. शेजारची एक मुलगी रडत होती. तिला वडील नव्हते म्हणून तिच्या लग्नात वडिलांच्या जागी हे तिचा हात धरून चर्चमध्ये चालले होते.

मुलीने मला कोपराने ढकललं. मी पुढे गेलो. कडेच्या म्हातारीने वर पाहिलं.

"तुम्ही घरचे का?"

"नाही," मी म्हणालो.

"आम्हीपण नाही, लव्ह," ती म्हणाली आणि सरकून तिने मला जागा करून दिली.

मी बसलो. मागे वळून पाहिलं, तर मंडळाची माणसं अजून भिंतीशीच उभी होती, आणि त्यांच्या-आमच्यामधले सगळे बाक रिकामे होते.